यूलियाचं गाव



गावांच्या गोष्टी सांगायच्या म्हणून आम्ही एकत्र बसतो तेव्हा विषय बहुधा आपल्या पंचक्रोशीतलाच निघतो. आज मात्र आम्ही तुम्हाला खूप लांब नेणार आहोत. युरोपात स्लोवाकिया नावाचा छोटा देश आहे. त्याच्या ईशान्य कोपऱ्यात, पोलंडच्या हद्दीजवळ, कार्पेथियन डोंगरांच्या कुशीत मिकोवा नावाचं गाव आहे. वस्ती दोनशेच्या आतली. दोन्ही बाजूंना जंगलानं झाकलेले डोंगर, मध्ये ओढा आणि ओढ्याच्या कडेनं लांबट पसरलेली घरं. आमच्या बैठकीत हे नाव निघालं तेव्हा एकीनं सरळच विचारलं, "त्या गावाचं आपल्याला काय गं?" प्रश्न रास्त होता. आता गोष्टच ऐका.

मिकोवा जगाला थोडंफार ठाऊक आहे ते एका चित्रकारामुळे. अँडी वॉरहोल त्याचं नाव. सूपच्या डब्यांची, सिनेनटींच्या चेहऱ्यांची चित्रं काढून हा माणूस अमेरिकेत गाजला. त्याचा जन्म १९२८ सालचा, अमेरिकेतल्या पिट्सबर्ग शहरातला. त्याचे आईवडील मिकोवाचे. तो स्वतः मात्र या गावात कधीच आला नाही. कुणी विचारलं तर आपण कुठलेच नाही, अशा थाटाचं उत्तर द्यायचा. म्हणजे ज्यानं गाव पाहिलं नाही त्याच्या नावावर गाव ओळखलं जातं. त्याच्या आईनं मात्र आयुष्याची पहिली एकोणतीस वर्षं तिथे काढली होती. तिचं नाव यूलिया, माहेरचं आडनाव झावात्स्का, सासरचं वारहोला. आम्ही गावाचा इतिहास सांगणार आहोत तो तिचं बोट धरून.

आधी ही माणसं कोण ते सांगायला हवं. मिकोवाचे लोक रुसिन. रुसिनांचा स्वतःचा देश कधीच नव्हता. स्लोवाकिया, पोलंड, युक्रेन या आजच्या तीन देशांच्या डोंगरपट्ट्यात त्यांची गावं विखुरलेली आहेत. त्यांची भाषा युक्रेनी आणि रशियन भाषांच्या कुळातली, लिपीही तशीच. शेजारचे स्लोवाक लोक रोमन लिपीत लिहितात, हे सिरिलिक लिपीत. घरात मात्र या भाषेला फार मोठं नाव नव्हतं. कोणती भाषा बोलता, असं विचारलं तर जुनी माणसं म्हणायची, "पो नाशोमू". म्हणजे 'आपल्या पद्धतीनं, आपलं'. सरकारी कागदाच्या रकान्यात असं उत्तर चालत नाही, आणि या लोकांची पुढची बरीचशी फरफट त्या रकान्यापायीच झाली.

धर्मानं ते ख्रिस्ती, पण त्यांच्यातले बहुसंख्य ग्रीक कॅथलिक. ही जरा वेगळी वाट आहे. पूजाविधी सगळा पूर्वेकडच्या ऑर्थोडॉक्स पद्धतीचा, पण सर्वोच्च अधिकार रोमच्या पोपचा. १६४६ साली उझहोरोद इथे झालेल्या समेटापासून ही वाट सुरू झाली. त्यांच्या धर्मगुरूंना लग्न करण्याची मुभा असते, म्हणजे गावात धर्मगुरूंच्या बायकोलाही एक स्थान असतं. हे लक्षात ठेवा, पुढे त्याचा संबंध येणार आहे. सणवार जुन्या पंचांगाप्रमाणे. त्यामुळे इतरांचा नाताळ होऊन गेल्यावर तेरा दिवसांनी, ७ जानेवारीला यांचा नाताळ यायचा.

मिकोवाचं नाव कागदावर पहिल्यांदा येतं १३९० साली. तेव्हा हा मुलूख हंगेरीच्या राज्यात होता, आणि पुढेही १९१८ पर्यंत हंगेरीकडेच राहिला. जुन्या कागदांत गाव असतं ते जमीनदाराच्या मालमत्तेच्या यादीत: इतकी घरं, इतका सारा. वेठबिगार कायद्यानं संपली ती १८४८ साली. वेठ संपली, पण जमीन काही वाढली नाही. उतारावरची पातळ माती. गहू नीट येत नाही, ओट्स आणि राई ही धान्यं येतात, बटाटा येतो, कोबी येते. वाटण्या होत होत शेताच्या पट्ट्या इतक्या अरुंद झाल्या की बैल वळवायलाही जागा पुरेना.

आता बायकांच्या कामाबद्दल थोडं विस्तारानं सांगतो, कारण जमीनदाराच्या यादीत ते कुठेच नसतं. आपल्याला जवस ठाऊक आहे तो चटणीपुरता. या डोंगरात जवस लावायचे ते मुख्यतः कपड्यासाठी. रोप कापायचं नाही, मुळासकट उपटायचं, म्हणजे धागा लांब मिळतो. मग त्याच्या पेंढ्या पाण्यात भिजत ठेवायच्या. वरची साल कुजून सैल झाली की वाळवायच्या. लाकडी यंत्रात कुटून काड्या मोडायच्या, मग खिळ्यांच्या फणीतून ओढून ओढून रेशा मोकळ्या करायच्या. एवढं झाल्यावर कुठे चातीवर सूत. हिवाळ्यात बर्फानं वाटा बंद झाल्या की मुली आणि बायका एकीच्या घरी जमायच्या, एकाच दिव्याच्या उजेडात सूत काढायच्या आणि गात राहायच्या. कापड विणून झालं की उन्हाळ्यात गवतावर पसरून, वर पाणी शिंपडून उन्हात पांढरं करायचं. एका सदऱ्यामागे वर्षभराचं काम. लग्नाच्या मुलीच्या पेटीत असं कापड किती आहे, यावर तिची किंमत व्हायची. ही रीत मात्र आम्हाला अजिबात अनोळखी वाटली नाही.

त्याच हातांचं दुसरं काम होतं ईस्टरची अंडी रंगवण्याचं. याला ब्रश लागत नाही. काडीला टाचणी खोचायची, तिचं डोकं वितळलेल्या मेणात बुडवायचं, अंड्यावर टेकवायचं आणि झटकन ओढायचं. टेकवलं तिथे थेंब, ओढलं तिथे शेपटी. असे थेंब गोलाकार मांडत गेलं की सूर्य होतो, फूल होतं, पान होतं. मग अंडं रंगात बुडवायचं. मेणाखालची जागा कोरी राहते. शेवटी मेण पुसलं की नक्षी उमटते. यूलिया हे काम लहानपणी गावात शिकली आणि म्हातारपणापर्यंत करत राहिली.

तिचा जन्म १८९१ चा. भावंडं पुष्कळ. ती वाढली तो काळ गावातून पुरुष निघून जाण्याचा होता. १८८० पासून पहिल्या महायुद्धापर्यंत सुमारे सव्वादोन लाख रुसिन अमेरिकेत गेले. इतक्या लहान समाजातून एवढी माणसं म्हणजे जवळजवळ प्रत्येक घरातून कुणी ना कुणी. ते जात ते पेनसिल्व्हेनियाच्या कोळशाच्या खाणींत आणि पिट्सबर्गच्या पोलाद कारखान्यांत. बहुतेकांचा बेत साधा होता: चार वर्षं राबायचं, पैसा साठवायचा, परत येऊन जमिनीचा तुकडा घ्यायचा. काही जण आलेही. काहींचे नुसते पैसे आले. काहींचं पुढे काहीच आलं नाही. ज्या बाईचा नवरा जिवंत असूनही घरी नाही, तिला तिकडच्या भाषेत पेंढ्याची विधवा म्हणतात.

आंद्रेय वारहोला हा मिकोवाचाच मुलगा तरुण वयात अमेरिकेला जाऊन आलेला होता. १९०९ साली त्याचं यूलियाशी लग्न झालं, तेव्हा ती सतरा वर्षांची होती. या लग्नाची हकिगत तिनं स्वतः म्हातारपणी, १९६६ साली, अमेरिकेतल्या एका मासिकाला सांगितली. आपल्याला लग्न करायचंच नव्हतं, त्यासाठी घरी मार खाल्ला, आणि शेवटी आंद्रेयनं छान मिठाई आणली म्हणून हो म्हटलं, असं ती मोडक्यातोडक्या इंग्रजीत म्हणाली. छापणाऱ्यांना ते गमतीदार वाटलं असावं. आम्ही ते वाचलं तेव्हा आमच्यापैकी कुणी हसलं नाही.

१९१२ मध्ये सैन्यभरती टाळण्यासाठी आंद्रेय पुन्हा अमेरिकेला निघून गेला. यूलिया गरोदर होती. ती सासरी राहिली, शेतात राबली, बटाट्यांची पोती पाठीवर वाहिली. मुलगी झाली. काही आठवड्यांतच बाळाला सर्दी झाली आणि ते गेलं. गावात डॉक्टर नव्हता. त्या मासिकाला सांगताना, म्हणजे पन्नासहून अधिक वर्षांनंतरही, तिला रडू आवरलं नव्हतं. नवऱ्यानं आपल्या या लेकीला कधी पाहिलंच नाही.

त्यानंतर युद्ध आलं. १९१४ च्या नोव्हेंबरात रशियाचं सैन्य डोंगरातल्या खिंडी ओलांडून या बाजूला उतरलं, आणि तो हिवाळाभर ऑस्ट्रिया-हंगेरीच्या आणि रशियाच्या फौजा याच डोंगरांत एकमेकींना ढकलत राहिल्या. गोळ्यांनी मेले त्याहून किती तरी जण थंडीनं गारठून मेले. १९१५ चा ईस्टर ४ एप्रिलला होता, आणि योगायोग असा की त्या वर्षी दोन्ही पंचांगांचा ईस्टर एकाच दिवशी आला होता. त्या सुमाराला मेदझिलाबोर्त्से आणि स्त्रोपकोव या गावांभोवती जी मोठी लढाई झाली तिला इतिहासात ईस्टरची लढाईच म्हणतात. मिकोवा या दोन गावांच्या मधोमध येतं. जवळच वेल्क्रोप नावाचं खेडं आहे. तिथल्या लष्करी दफनभूमीत साडेआठ हजारांपेक्षा जास्त सैनिक पुरलेले आहेत. आजच्या मिकोवासारखी चाळीसहून अधिक गावं भरतील इतकी परकी माणसं त्या एका जागेत आहेत.

लढाईची वर्णनं सेनापतींनी लिहून ठेवली आहेत. गावातली बाजू कळते ती यूलियानं पुढे मुलांना आणि इतरांना सांगितलेल्या आठवणींतून. घर जळालं. सैनिक आले की बायका-मुलांना घेऊन रानात लपायचं. वडील वारले होते. भाऊ रणांगणावर पडल्याची बातमी आली आणि त्या धक्क्यानं आई गेली. पुढे तो भाऊ जिवंत परत आला, बातमीच खोटी निघाली. आई काही परत येणार नव्हती. धाकट्या दोन बहिणी यूलियाच्या पदरात पडल्या. नवऱ्याचं पत्र येणं युद्धामुळे बंद झालेलं. विशीतली ही बाई सात-आठ वर्षं अशी जगली. मिकोवाच्या आसपासच्या खेड्यांत अशा किती होत्या ते मोजणार कोण? तिची गोष्ट आपल्याला कळते, कारण तिचा मुलगा पुढे प्रसिद्ध झाला आणि लोक तिला प्रश्न विचारायला गेले. नाहीतर तीही त्याच न मोजलेल्यांत जमा होती.

युद्ध संपलं तेव्हा गाव दुसऱ्याच देशात होतं. कुणी जागचं हललं नव्हतं, हद्दच हलली होती. आणि हा निर्णय कुठे झाला ते ऐकण्यासारखं आहे. नोव्हेंबर १९१८ मध्ये अमेरिकेतल्या स्क्रँटन गावी तिथे स्थायिक झालेल्या रुसिनांच्या प्रतिनिधींनी ठराव केला की आपल्या मायभूमीनं नव्या चेकोस्लोव्हाकिया देशात सामील व्हावं. त्यांचा पुढारी ग्रेगरी झाटकोविच पिट्सबर्गचा वकील होता. म्हणजे खाणीत आणि कारखान्यात गेलेल्या पुरुषांच्या मंडळांनी गावाचा देश ठरवला. गावात मागे राहून शेत राखणाऱ्या बायकांना कुणी काही विचारलं नाही. त्यातही रुसिनांना जो स्वतंत्र प्रांत देऊ केला होता त्याच्या हद्दीत मिकोवाचा भाग घेतलाच नाही. तो स्लोवाक प्रांताला जोडला गेला.

१९२१ मध्ये यूलियानं गावच्या धर्मगुरूंकडून पैसे उसने घेतले आणि ती निघाली. रेल्वेनं बंदरापर्यंत, मग बोटीनं अमेरिकेत. नवऱ्याला ती नऊ वर्षांनी भेटत होती. त्याच वर्षी अमेरिकेनं बाहेरून येणाऱ्यांच्या संख्येवर मर्यादा घातली आणि १९२४ च्या कायद्यानं पूर्व युरोपातल्या लोकांना दार जवळजवळ बंदच केलं. मिकोवात अजून वाट बघत राहिलेल्यांची वाट तिथेच संपली.

पिट्सबर्गबद्दल आम्ही फार बोलणार नाही, पण थोडं बोलायलाच हवं, कारण मिकोवाचा एक तुकडा तिथे गेला होता. रुसिनांची वस्ती, रुसिनांचं चर्च, घरात 'पो नाशोमू'. तीन मुलगे झाले. मंदीच्या काळात हाताला काम नव्हतं तेव्हा यूलिया फळांचे रिकामे पत्र्याचे डबे कात्रीनं कापून त्यांची फुलं करायची. सुरकुत्यांच्या रंगीत कागदाचीही करायची आणि दारोदार जाऊन थोड्या पैशांना विकायची. ईस्टरला अंडी रंगवायची. धाकटा अँडी लहानपणी आजारी पडून महिनोन्‌महिने अंथरुणावर होता. तिनं त्याच्यापुढे रंग आणि कागद ठेवले आणि एकेक पान रंगवून झालं की बक्षीस म्हणून चॉकलेट दिलं. पुढे त्यानं सूपच्या डब्यांची चित्रं काढून नाव कमावलं. आपली आई पत्र्याच्या डब्यांची फुलं करायची, तिथूनच ते आलं, असं त्यानं एकदा स्वतः कबूल केलं होतं.

नवरा १९४२ मध्ये वारला. १९५० नंतर ती अँडीकडे न्यूयॉर्कला राहायला गेली. तिचं अक्षर नागमोडी आणि देखणं होतं. त्याच्या चित्रांखालचा मजकूर ती लिहायची. इंग्रजी तिला धड येत नव्हतं, एकेक अक्षर बघून ती गिरवायची, मग कधी एखादं अक्षर गळायचं. मुलाला ते आवडायचं, तो तसंच छापायचा. १९५८ मध्ये एका ध्वनिमुद्रिकेच्या वेष्टनावरच्या तिच्या अक्षराला अमेरिकेतल्या ग्राफिक कलेच्या संस्थेचं प्रमाणपत्र मिळालं. त्यावर तिचं नाव लागलं ते 'अँडी वॉरहोलची आई' असं. यूलिया नाही, झावात्स्का नाही, वारहोलाही नाही.

आता परत गावाकडे येऊ. यूलिया गेल्यानंतर मिकोवाच्या भागावर जे गुदरलं त्याची झळ तिला पत्रांतूनच लागली असणार, आणि अधूनमधून पत्रंही थांबली.

दुसऱ्या महायुद्धात स्लोवाकिया जर्मनीच्या पंखाखाली गेला. या डोंगरातल्या छोट्या गावांत ज्यू कुटुंबं पिढ्यान्‌पिढ्या राहत होती. कुणाचं दुकान, कुणाचा गुत्ता. २५ मार्च १९४२ रोजी पोप्राद स्थानकातून ज्यूंना घेऊन आउश्विट्झच्या छळछावणीकडे पहिली गाडी निघाली. तिच्यात सुमारे हजार जणी होत्या. सगळ्या बायका आणि मुली, त्यातल्या बहुतेक अविवाहित, बहुतेक या पूर्व भागातल्या. तुम्हाला कारखान्यात काम देणार आहोत, असं सांगून त्यांना नेलं. फार थोड्या परतल्या.

मग १९४४. सप्टेंबरात सोव्हिएत सैन्य दुक्ला खिंडीतून उतरू लागलं आणि दोन महिने तुंबळ लढाई झाली. जंगलात स्वातंत्र्यसैनिकांच्या टोळ्या होत्या. त्यांना गावकरी भाकर देतात म्हणून जर्मन सैन्य गावांवर सूड घ्यायचं. याच स्त्रोपकोव तालुक्यातल्या तोकाईक गावात १९ नोव्हेंबर १९४४ रोजी त्यांनी पुरुषांना वेगळं काढलं, गावाबाहेर नेलं आणि ३२ जणांना गोळ्या घातल्या. दोघे तेवढे वाचले. गाव पेटवून दिलं. बायका-मुलांना आधीच बाहेर हाकलून दिलेलं होतं. हिवाळा तोंडावर, घर नाही, घरधनी नाही. तोकाईक पुन्हा वसलं, आजही आहे. ते पुन्हा कुणी वसवलं असेल ते सांगायला नको.

डोंगराच्या पलीकडे, पोलंडमध्ये, याच लोकांची भावकी राहायची. त्यांना लेमको म्हणतात. २८ एप्रिल १९४७ ला पोलंड सरकारनं मोहीम काढली. युक्रेनी बंडखोरांचा आधार तोडायचा, हे कारण. सुमारे १ लाख ४० हजार युक्रेनी आणि लेमको लोकांना घरातून काढून देशाच्या दुसऱ्या टोकाला, उत्तरेला आणि पश्चिमेला नेऊन विखरून टाकलं. कित्येकींना सामान बांधायला दोन तासही मिळाले नाहीत. त्या बाजूला आजही रानात अचानक फळझाडांची रांग दिसते, जुन्या विहिरीचं तोंड दिसतं. घरं नाहीत. मिकोवा हद्दीच्या अलीकडे होतं म्हणून राहिलं.

पण अलीकडेही शांतता नव्हती. कम्युनिस्ट सरकारनं २८ एप्रिल १९५० रोजी प्रेशोव शहरात सभा भरवून ग्रीक कॅथलिक धर्मसंस्थाच रद्द झाल्याचं जाहीर केलं. चर्चं ऑर्थोडॉक्सांकडे दिली. बिशप पावेल गोयडिच यांना तुरुंगात टाकलं, तिथेच १९६० मध्ये त्यांचा अंत झाला. ज्या धर्मगुरूंनी ऑर्थोडॉक्स व्हायला नकार दिला त्यांना कुटुंबासकट देशाच्या पश्चिम भागात पाठवलं. मघाशी म्हटलं ना, या धर्मगुरूंना बायका असतात. नकार त्यानं द्यायचा, आणि चार पोरं घेऊन परक्या गावात चूल मांडायची तिनं. संस्थेला पुन्हा मान्यता मिळाली १९६८ मध्ये. मग कोणतं चर्च कुणाचं यावरून गावागावांत मतदान झालं आणि घराघरांत भांडणं लागली. काही ठिकाणी ती अजून पुरती मिटलेली नाहीत.

त्याच सुमाराला रकान्याचा प्रश्न आला. सरकारनं ठरवलं की रुसिन म्हणून वेगळं कुणी नाहीच, ते युक्रेनी. १९५२ नंतर शाळांत युक्रेनी भाषा आली. मुलांच्या आयांना ती पुस्तकं आपली वाटेनात. त्यांनी सोपा मार्ग काढला, मुलांना स्लोवाक शाळेत घातलं. दोन पिढ्यांत पुष्कळांनी आपली नोंद स्लोवाक म्हणूनच करून टाकली. भाषा राहिली ती घरात, चर्चमध्ये आणि गाण्यांत. म्हणजे पुन्हा मुख्यतः बायकांच्या तोंडी.

या सगळ्या वर्षांत अमेरिकेहून मिकोवाला पार्सलं येत राहिली. यूलिया बहिणींना कपडे पाठवायची, त्यात कधी मुलाची चित्रंही घालायची. गावात असं सांगतात की त्या चित्रांचं काय करायचं ते कुणालाच कळलं नाही. पोरांनी कागदाचे पुडे केले, काही चुलीत गेली. आज त्यांची किंमत काय झाली असती याचा हिशेब पाहुणे आवर्जून करतात. आम्हाला मात्र त्यात नवल वाटत नाही. लुगड्याच्या घडीत नक्षीचा कागद आला तर आपण तरी काय केलं असतं?

१९८९ मध्ये ती राजवट कोसळली. १९९१ च्या मार्चमध्ये मिकोवाजवळच्या मेदझिलाबोर्त्से गावात रुसिनांची पहिली जागतिक परिषद भरली. निरनिराळ्या देशांतले रुसिन पहिल्यांदा एकत्र येऊन म्हणाले की आम्ही आहोत. त्याच वर्षी, त्याच गावात अँडी वॉरहोलच्या नावाचं संग्रहालय उघडलं. २७ जानेवारी १९९५ रोजी स्लोवाकियातल्या रुसिनांच्या भाषेचे लेखननियम अधिकृतपणे जाहीर झाले. 'पो नाशोमू'ला व्याकरणाचं पुस्तक मिळालं. १९९१ च्या जनगणनेत सुमारे १७ हजार लोकांनी स्वतःला रुसिन म्हटलं होतं, २०११ मध्ये ३३,४८२ जणांनी. जन्म वाढले म्हणून आकडा वाढला नाही. लोकांनी खरं लिहायला सुरुवात केली म्हणून वाढला. पोलंडच्या बाजूला लेमकोंनी आपल्या भाषेतला छोटा रेडिओही चालवला आहे. तो गोर्लित्से गावातून इंटरनेटवर ऐकू येतो. हे कळल्यावर आमच्या स्टुडिओत जरा वेळ आनंदीआनंद झाला.

मिकोवा आज शांत आहे. तरुण मुलं-मुली कामाला बाहेर जातात. मोठ्या शहरांत, चेक देशात, त्याहूनही लांब. फरक एवढाच की आता मुलीही आधी निघतात. गावात वॉरहोला आडनावाची नातलग मंडळी होती, पाहुणे त्यांना शोधत यायचे. कोणतं घर कुणाचं ते विचारायचे, फोटो काढायचे.

यूलिया गावी परत गेली नाही. १९७२ मध्ये ती पिट्सबर्गला वारली. शहराबाहेर रुसिनांच्या दफनभूमीत आईवडिलांचा एक दगड आहे. त्याच्या शेजारी मुलाचा आहे, १९८७ सालचा. मुलाच्या दगडावर २०१३ पासून एक कॅमेरा बसवला आहे. जगात कुठूनही, कोणत्याही वेळी तो दगड बघता येतो. चाहते येतात आणि त्यावर सूपचे डबे ठेवून जातात. आईचा दगड दोन पावलांवर आहे.

आज इथे थांबतो. नमस्कार.